एकवीसच्या आत

"विकणार कोण, ते या खरेदीखतात स्पष्ट लिहिलंय," वकीलबाई म्हणाल्या. "हर्षाली, अज्ञान, तर्फे पालनकर्ती आई छाया. ही सही तुमचीच ना?"

छायाने मान हलवली. शेजारच्या खुर्चीत हर्षाली ताठ झाली.

"काकानं विकली म्हणाली होतीस तू."

"काकानंच विकली. पेन तेवढं माझ्या हातात होतं."

मखमलाबादकडचे ते बावीस गुंठे. सगळा झेंडू, कडेला दोन ओळी गुलाब. थोरला मुलगा, छायाचा नवरा, गेला तेव्हा कोंडाजीबाबांनी ती जमीन धाकट्या वाल्मीकच्या हाती लागू दिली नाही. चार वर्षांच्या नातीच्या नावे बक्षीसपत्र करून टाकलं. म्हातारा शहाणा होता. पण शहाणं माणूस तरी किती पुरणार? नात नऊ वर्षांची असताना तो गेला, आणि तेराव्याचे लाडू संपायच्या आत वाल्मीक कागद घेऊन दारात उभा. "सही करा वहिनी, नायतर पोरीला घ्या आन् वाट धरा." छायाला माहेर नव्हतं. तिनं सही केली. जमीन गेली, पैसे वाल्मीकच्या खिशात गेले, आणि मायलेकींना त्याच्या घरामागची पत्र्याची खोली तेवढी राहिली.

मग एकदा इंदिरानगरात, याच वकीलबाईंच्या घरी पोळ्या लाटताना तिनं त्यांचं फोनवरचं बोलणं ऐकलं. अज्ञान मुलाची जमीन आईलासुद्धा कोर्टाच्या परवानगीशिवाय विकता येत नाही. मूल मोठं झालं की व्यवहार रद्द करून मागू शकतं. मात्र एकवीस पूर्ण व्हायच्या आत. सात वर्षांत तिच्या हातून करपलेली ती पहिली पोळी.

तेव्हा हर्षालीला एकोणीस चालू होतं. छाया गप्प बसली. वाल्मीकच्या पत्र्याखाली राहून वाल्मीकवर केस करायची नसते, एवढं तिला कळत होतं. हर्षाली सातपूरच्या कंपनीत कायम झाली, दोघींनी तिकडंच भाड्याची खोली घेतली, चार भांडी हलवली, आणि दुसऱ्याच दिवशी छाया वकीलबाईंना म्हणाली, "मॅडम, आज स्वैपाकाचं नाय, माझं एक काम हाय."

वकीलबाईंनी शेवटचं पान पाहिलं. "कोर्टाची परवानगी घेतलेलीच नाही. घेणाऱ्यानं बांधकाम केलंय?"

"नुसतं तारेचं कुंपण. आत गवत."

"मग केस चांगली आहे. मुलीचं वय?"

"श्रावणात एकवीस पुरी व्हतील. चार महिने हायेत अजून."

"दाखला द्या."

छायाने पिशवीतून शाळेचा दाखला काढला, पदरानं पुसला आणि पुढं केला. वकीलबाईंनी तो वाचला. परत वाचला.

"छायाबाई, यावर एक जून आहे. दोन हजार चार. हिला एकवीस गेल्या जूनमध्येच पूर्ण झाली. मुदत संपून दहा महिने झाले."

छाया हसलीच. "ती कागदावरची वो! गुरुजींनी निम्म्या वर्गाला एक जूनच लावला होता. ही पुढच्या सालची, नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशीची. औक्षण आमी तवाच करतो."

"तारीख गुरुजींची. आणि साल?"

छायाचं हसू ओसरलं. "साल मी सांगितलं. पाचबी पुरी नव्हती हिला. पण हिचे पप्पा गेलेले, मी सरीत फुलं तोडणार, आन् ही एकटी बांधावर. विहिरीला कठडा नाय. गुरुजी म्हणले, पुढच्या वर्षी आणा. मी म्हणलं, सहा पुरी झालीत."

"जन्माची नोंद?"

"ही घरीच झाली. सासूबाईंनी बाळंतपण केलं. त्या वारल्या."

"खरं वय माहीत असलेलं दुसरं कोणी?"

छायाने आठवून पाहिलं. "वाल्मीकला म्हाइत हाय."

कुणीच हसलं नाही. वकीलबाईंनी दाखला खरेदीखताशेजारी ठेवला. बाहेर कुणीतरी पुढच्या केसचा पुकारा करत होतं.

"आधार, कंपनीची नोकरी, सगळं याच तारखेवर चालतंय. दावा लावू आपण, मी नाही म्हणत नाही. पण पिंजऱ्यात तुम्हाला उभं करतील, आणि समोरचा वकील एकच प्रश्न विचारील." त्यांचा आवाज मऊ झाला. "बाई, जमीन दिली तुमच्या सहीनं, शाळेत वय लिहिलं तेही तुमच्याच तोंडचं. मग खोटं तेव्हा बोललात, की आज जमिनीसाठी बोलताय?"

छायाकडे उत्तर होतं. त्याला दुजोरा मिळावा म्हणून तिनं लेकीकडे पाहिलं.

हर्षाली तिच्याकडेच बघत होती. तीही उत्तराची वाट बघत होती.