तहावर सही

‘दार उघड,’ भिकन तिसऱ्यांदा म्हणाला. आतून मंजुळानं ठरलेलं उत्तर दिलं, आधी लढाई थांबवा. संभाजीनगरला बचत गटांच्या मेळाव्याला आलेल्या बायका खो खो हसल्या.

नाटक जुन्या ग्रीसमधलं होतं. नवरे लढाई सोडत नाहीत म्हणून बायका त्यांना घराबाहेर काढतात. भिकनच्या अंगावर तेलाच्या डब्यांचं चिलखत आणि पायांत वाळूजच्या कंपनीतले बूट होते. ग्रीसचे लोक पायांत काय घालायचे, हे देवगाव रंगारीच्या बचत गटात कुणालाच ठाऊक नव्हतं. गटाच्या अध्यक्ष दगडाबाईंचा नियम एकच : नाटकातला नवरा खराच पाहिजे, मागून लोकांची बोलणी नकोत. म्हणून तर भिकनला निरोप गेला. एरवी दोघांचं बोलणंच नव्हतं; पंचायतीच्या निवडणुकीत तो मंजुळाच्या भावाविरुद्ध उभा राहिला, पडला, आणि तेव्हापासून ती नवऱ्याचं घर सोडून भावाकडंच होती. तालमीतही ती त्याच्याशी फक्त नाटकातलं बोलायची.

शेवट आला. शत्रूचा दूत झालेल्या सांडूनं तहाचा कागद पुढं केला. भिकननं सही करायची, मग दार उघडायचं. भिकननं पेन घेतला, कागदाकडं बघितलं आणि पेन परत दिला.

‘लढाई चालू ऱ्हाऊ द्या.’

लोकांनी हसून खुर्च्या वाजवल्या. सांडूला पुढचं वाक्यच नव्हतं. त्यानं कागद पुन्हा पुढं केला.

दाराच्या फटीतून मंजुळा हळूच म्हणाली, ‘अवं, करा की सही.’

‘सही केली की नाटक संपतंय.’

‘दादाची जीप भाईर उभी हाय,’ ती म्हणाली. ‘त्यो थांबायचा नाय.’

भिकननं सही केली. दार उघडलं. ‘चला, जेवायला वाढते,’ हे तिचं शेवटचं वाक्य. ते तिनं म्हटलं, त्याचा हात धरून त्याला आत नेलं आणि दार ओढून घेतलं. टाळ्या थांबेनात.

आत, म्हणजे विंगेत, जेवण वगैरे नव्हतं. मंजुळानं हात सोडला, पिशवी उचलली आणि मागच्या पायऱ्यांनी खाली उतरली.

बाहेर बायका ‘वन्स मोअर’ म्हणून ओरडत होत्या. दगडाबाई मंजुळाला हाका मारत मागं धावल्या. तेवढ्यात जीप निघाल्याचा आवाज आला.

भिकन चिलखत सावरत पुन्हा स्टेजवर आला. बंद दारापुढं उभा राहिला. कडी वाजवली.

उत्तर ऐकायला सगळं सभागृह गप्प झालं.