दारापर्यंतचं दृश्य

एमेशेच्या बाबांनी बुडापेस्टमध्ये चाळीस वर्षं चित्रपटांचं संकलन केलं. पडद्यावरचा माणूस दाराशी पोचला की ते फिल्म तिथंच कापत. म्हणत, "दाराची मूठ धरली म्हणजे माणूस गेला. पुढचं लोकांना कळतं."

आज तीन वाजता त्यांचं दफन होतं. शवपेटीत ठेवायचा चष्मा घ्यायला एमेशे त्यांच्या संकलनाच्या खोलीत आली होती.

"आटप गं पोरी!" जिन्यावरून त्यांची जुनी मदतनीस इर्मामावशी ओरडली. "जन्मभर सगळीकडे उशिरा पोचला तुझा बाप. आज मात्र आधी जाऊन बसलाय!"

एमेशेला रडता रडता हसू आलं. चष्मा घेऊन तिनं दिवा मालवला आणि दाराची मूठ धरली.

ती बाबांच्या खुर्चीत बसलेली होती. दिवा चालू होता.

ती उठली, मूठ धरली. पुन्हा खुर्ची. तिसऱ्यांदा ती धावत गेली. तरीही खुर्चीच.

"मावशी, दार उघडा! मला बाबांकडे जायचंय!"

दार हललंही नाही.

"सापडला का चष्मा?" बाहेर मावशीनं कुणाला तरी विचारलं.

"हो," एमेशेचाच आवाज म्हणाला. "चला, उशीर होतोय."

दोघींची पावलं जिना उतरत गेली.