कट म्हणायचं नाही

"कट कुणी म्हणायचं नाही. मी हात वर केला, तरच शॉट संपला," घुम्या म्हणाला आणि कॅमेऱ्याकडे वळला.

घुम्या हे नाव त्याच्या ताईनं ठेवलेलं. दिग्दर्शक असून दिवसाकाठी चार वाक्यं बोलला तर पुष्कळ! पहिल्याच फिल्मनं त्याचं नाव झालं ते याच शैलीमुळे. कॅमेरा हलत नाही, संगीत नाही, नट भीतीनं घामाघूम झाला तरी शॉट तुटत नाही. मागच्या वेळी एकानं मध्येच तोंड उघडलं, तर घुम्यानं त्याला तिथल्या तिथे घरी पाठवलं.

आजचा शॉट कपाटाचा. ताईच नायिका. ती कपाटात लपणार आणि कॅमेरा बंद दाराकडे बघत राहणार. खोलीत तिघंच. ताईला दमा होता, आणि साउंडवाल्या मित्राला त्याचीच धास्ती.

"अरे, पंप तरी राहू दे तिच्याजवळ," तो म्हणाला.

"पंप जवळ असला की भीती खोटी दिसते."

"तू आधी दोन घास खा," ताई म्हणाली. "सकाळपासून उपाशी आहेस."

"पित्त झालंय. चल, आत जा."

"बहिणीच्या जिवावर उठलाय मेला!" ताई हसत हसत कपाटात शिरली.

घुम्या भिंत आणि ट्रायपॉडच्या बेचक्यात अंग कोंबून, कपाळ कॅमेऱ्याला टेकवून बसला. बसायचा तो नेहमी असाच.

साउंडवाल्यानं हेडफोन चढवला. ताईच्या गळ्याजवळच्या माइकमधून तिचा श्वास ऐकू येत होता. आधी संथ, मग बारीक शिट्टी वाजायला लागली, मग धाप. त्यानं घुम्याकडे पाहिलं. ढिम्म. हात खालीच.

बाई अभिनय करतेय की मरतेय? सख्खी बहीण आत घुसमटतेय आणि हा कलेचा पुतळा जागचा हलत नाही! त्यानं हातवारे करून पाहिले. घुम्यानं मान वळवली नाही.

आणि हेडफोनमधला श्वास थांबला.

"खड्ड्यात गेली तुझी शैली!" हेडफोन फेकून तो धावला आणि त्यानं कपाट उघडलं.

ताई डोळे वटारून उभी. "अरे गाढवा, श्वास रोखला होता मी! इतका झकास चालला होता शॉट, घातलास ना पाण्यात?"

त्याचा जीव भांड्यात पडला. "धडधाकट आहेस ना? मग हाकलू दे मला खुशाल."

"हाकलेलच तो." ताई भावाजवळ गेली. "घुम्या, ओरडू नकोस रे त्याच्यावर. माझ्यासाठी घाबरला बिचारा."

घुम्या काही बोलला नाही.

"रुसलास? बरं बाबा, परत करू. मी कुठे पळून चाललेय?" तिनं त्याचा खांदा हलवला, तसा तो बेचक्यातून सुटून जमिनीवर कलंडला. डोळे उघडेच होते.