शेजाऱ्यांचं कोर्ट

"ऐकतेस ना?" म्हणत बाबांनी चहा बाजूला सारला आणि आपल्या पुस्तकाचं शेवटचं प्रकरण मोठ्यानं वाचून दाखवलं. सोव्हिएत रशियातले गुन्हे आणि तिथला न्याय, हा त्यांचा आयुष्यभराचा अभ्यास. त्यातही लाडकं होतं ते शेजाऱ्यांचं कोर्ट. किरकोळ गुन्ह्याला तुरुंग नाही, मार नाही. इमारतीतल्या सगळ्यांसमोर उभं राहून कबुली द्यायची.

"कसं झालंय?"

"छान," मी म्हणाले; पटलं नव्हतं, पण वाद उद्या घालू म्हटलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ते उठलेच नाहीत. वाद घालायला माणूसच उरला नाही.

लहानपणी मी शेजारच्या काकूंचे पेरू चोरले होते. बाबांनी अंगणात खुर्च्या मांडल्या, अख्खी कॉलनी बोलावली आणि मला मधोमध उभं केलं. "अहो सर, पेरूच ते, जाऊ द्या की," काकू म्हणत राहिल्या. बाबांनी ऐकलं नाही. शाळा संपेपर्यंत मी सगळ्यांची 'पेरूचोर' होते. कोर्ट उठल्यावर कबुली दिलेल्या माणसाचं पुढे काय होतं, यावर बाबांच्या पुस्तकात एक ओळ नाही.

शोकसभेत त्यांचे जुने मित्र कॉम्रेड हळबे गहिवरून म्हणाले, "सर जे लिहायचे, तेच जगले. पोरीवर कधी हात उगारला नाही." माना डोलल्या. मग त्यांनी मला बोलायला सांगितलं.

मी फोटोकडे वळले.

"बाबा, एक चापट मारून मला घरात घेतलं असतंत, तर मी दुपारपर्यंत विसरले असते."