आफ्येमावशीचा शेवटचा गॅस

गॅसच्या विहिरी बुजवणाऱ्या सिब्रांडने टाकीच्या झडपेला हात घातला, तशी आफ्येमावशी स्वयंपाकघरातून ओरडली, “हात लावशील तर खबरदार!”

“मावशी, विहीर बुजवून झाली. टाकीतला उरलेला गॅस सोडून देतो नि निघतो.”

“सोडून देतो म्हणे! कुठे? आभाळात?”

सिब्रांड ओशाळला. विहीर बंद करा म्हणून वर्षभर तिच्या मागे लागलेला तोच. आमच्या पोल्डरात, म्हणजे बांध घालून पाण्यातून काढलेल्या सखल जमिनीत, जमिनीखालच्या पाण्याबरोबर मिथेन वायू वर येतो. तो परसातल्या पाण्यात तरंगणाऱ्या उपड्या लोखंडी टाकीत साठवायचा नि त्यावर शेगडी पेटवायची, ही तिच्या आजोबांपासूनची रीत. टाकी वर आलेली दिसली की रांधायचं, खाली असली की नुसती कॉफी. पण टाकीचे सांधे गळायला लागले. सिब्रांडने साबणाचं पाणी लावून फुगे दाखवले, तेव्हा म्हातारीचा चेहराच उतरला. जाळलेला परवडला, तसाच सुटलेला गॅस हवा फार तापवतो, असं तो म्हणाला होता. आणि बांधापलीकडचा समुद्र तर आधीच आमच्या छपरांहून उंच, हवा तापली की आणखी चढणार. हे तिला कुणी वेगळं सांगायला नको होतं.

“बस आता,” ती म्हणाली. “वाटाण्याचं सूप चढवलंय.”

“अहो, त्याला दुपार होईल!”

“मग होऊ दे.”

काय करतो बिचारा! बसला. सूप घट्ट होत गेलं, खिडकीबाहेर टाकी खाली खाली जात राहिली. चमचा सुपात उभा राहिला तेव्हा दोघं जेवली. शेवटी निळी ज्योत पिवळी पडली, फुरफुरली नि गेली. आफ्येने डोळे पुसले.

“वाईट वाटतं रे. उभा जन्म ह्या शेगडीपुढे गेला.”

त्याला पोचवायला ती कालव्यापर्यंत आली. विहिरीचं कोमट पाणी इथेच पडायचं, सारखे बुडबुडे यायचे. सगळीकडचं पाणी गोठलं तरी इथला बर्फ कच्चाच. लहानपणी सिब्रांडही स्केटिंग करताना इथेच पाण्यात गेला होता, तेव्हापासून काठावर तिच्या नवऱ्याने ठोकलेली पाटी होती: ‘बर्फ कच्चा. मागे फिरा.’

आज पाणी अगदी स्वस्थ होतं. आफ्येने पाटी धरून गदागदा हलवली, उपटली नि त्याच्या हातात दिली.

“ही पण ने. पोरांना माझ्या दारापर्यंत येऊ दे.”

“आधी गोठू तर द्या, मावशी! हल्ली कुठे धड गोठतं?”

“गोठेल,” आफ्ये म्हणाली. “नाहीतर विझवली कशाला?”