घाटवाटेचा एकतिसावा दिवस

“एकतीस कसे होतील आज्जी? तिसाच्या पुढं जागाच नाही.”

प्रांजलनं कागद फिरवून सुलाबाईंपुढं धरला. कंपासनं काढलेलं मोठं चाक होतं त्यावर. चाकाचे बारा सारखे भाग म्हणजे बारा महिने, आणि प्रत्येक महिन्यात तीस बारक्या चौकटी. हे फिरस्थानचं पंचांग. फिरस्थान नावाचं राज्य नकाशात शोधायला जाऊ नका. ते प्रांजलच्या कादंबरीत आहे. तिथं कुणाला घर नाही. आख्खं राज्य मेंढरांमागं चालतं, राजासुद्धा. म्हणून महिन्यांची नावंही तळांवरून पडलेली, कळप जिथं मुक्कामाला बसतो त्या जागांवरून. बाभूळतळ, कोरडा ओढा, उसाचं रान, घाटवाट.

नावं सगळी सुलाबाईंची. पोरगी आठवडाभर कुपवाडच्या कारखान्यात कॉम्प्युटरपुढं बसायची आणि रविवारी आजीला खोदून खोदून विचारायची. वर्षभर हेच चाललं होतं. सुलाबाई जतकडच्या. नवऱ्याच्या, बिराप्पांच्या जोडीनं त्या तीस वर्षं दिवाळीनंतर मेंढरं घेऊन कोकणात उतरल्या आणि पावसाच्या आत परत आल्या. शाळेचं तोंड पाहिलं नव्हतं, पण कुठल्या तळावर किती दिवस, ते बोटांच्या पेरांवर पाठ. अकरा महिने त्यांनी नातीच्या मनासारखे होऊ दिले. तुझं राज्य, तुझी मर्जी, म्हणाल्या. घाटवाटेला मात्र अडून बसल्या.

संध्याकाळपर्यंत चाक प्रकाशकाला पाठवायचं होतं. पुस्तकाच्या पहिल्याच पानावर ते येणार होतं, आणि एका महिन्याला एकतीस चौकटी केल्या की सगळं चाक वाकडं होत होतं.

“एक दिवस काढून टाकते,” प्रांजल म्हणाली. “कुणाच्या लक्षात येतंय?”

“काढू नगंस.”

“अगं, खोटं राज्य आहे ते.”

“असंना का. त्यो दिवस काढू नगंस.”

सुलाबाईंनी मटकी निवडायचं सूप खाली ठेवलं. निवडण अर्धवट टाकणारी बाई नव्हे ती. प्रांजल जराशी वरमली.

“दर वर्षी लागायचे का एकतीस?”

“न्हाई. एकाच साली लागलं. पर मी दरसाल मोजते.”

मग त्यांनी सांगितलं. चार वाक्यांत सांगितलं, शेजारणीची गोष्ट सांगावी तसं. प्रांजलच्या वडिलांच्या आधी एक मुलगी झाली होती. वाटेवरच झाली. पाटण मागं टाकून घाटाच्या अंगाला लागले, तेव्हा दहा दिवसांची होती. पहाटे बघितलं तर अंग गार. जांभळीखाली पुरली आणि कोल्ह्यानं उकरू नये म्हणून वर दगड रचले. दिवस कासराभर वर आला, तेव्हा कळप चालत होता. निघायला उशीर झाल्यानं पुढचा तळ काही गाठता आला नाही, मधेच उघड्यावर रात्र काढावी लागली. असा तो एक दिवस वाढला.

“बाबांना माहीत आहे हे?”

“कुणालाच न्हाई. आता तुला.”

प्रांजलला राग आला, आणि तोही भलत्याच माणसाचा. बिराप्पा जाऊन चार वर्षं झाली होती. तिला खांद्यावर बसवून जत्रा दाखवणारा आज्जा. फिरस्थानचा राजा तिनं त्याच्यावरूनच बेतला होता. तसाच उंच, तसाच कमी बोलणारा. ‘कळप थांबत नाही’ हा त्या राजाचा कायदा. हा कायदा सुचला तेव्हा तिला स्वतःचं फार कौतुक वाटलं होतं.

“एक दिवस, आज्जी. एक दिवससुद्धा थांबू दिलं नाही तुला?”

सुलाबाई गप्प राहिल्या. गप्प राहणं म्हणजे हो, असं प्रांजलनं धरलं. कुणीही धरलं असतं.

तिनं खोडरबर घेतलं. घाटवाटेच्या शेवटी चाकाची कड पुसली आणि एकतिसावी चौकट चाकाच्या बाहेर काढली. चाक बिघडलं. बिघडू दे, असं तिला मनापासून वाटलं.

“नाव काय देऊ ह्या दिवसाला?”

“नाव नगं. तिलाबी कुठं हुतं? बारसं व्हायचं हुतं अजून.”

प्रांजलनं चौकट कोरी ठेवली. खाली बारीक अक्षरात मजकूर लिहिला आणि आजीला वाचून दाखवला. “ह्या दिवशी फिरस्थानात कुणी पाऊल उचलणार नाही. ज्या राजानं ह्या दिवशी कळप हाकलला, त्याचं नाव राज्यात पुन्हा कुणी घेणार नाही.”

सुलाबाईंनी हात पुढं करून कागदावर पंजा ठेवला. मजकूर त्याखाली झाकला गेला.

“ह्ये खोड.”

“का? अजून आज्जाचीच बाजू घेणार तू?”

सुलाबाईंनी पंजा उचलला नाही.

“त्ये काठी टाकून बसलं हुतं गं तिथं, लेकीपाशी. आज कुटं जायचं न्हाई म्हणत हुतं. पाणी न्हवतं, दोनशे मेंढरं वरडत हुती. उठा, चला म्हणणारी मीच.”