पन्नासावं धप्पा देतं

ताईनं बनवलेल्या गेममध्ये, राक्षसांच्या राज्यात, मातीची पन्नास इवली माणसं लपलेली आहेत. एखादं जवळ असलं की हातातला कंट्रोलर थरथरतो.

एकोणपन्नास सापडली. शेवटच्यासाठी मी अख्खं जंगल पालथं घातलं. शेवटी वैतागून गेम बंद केला, आणि तेव्हा कंट्रोलर थरथरू लागला.

मी ताईला फोन लावला.

"पन्नासावं? अगं, ते मी कधीच काढून टाकलं. वेडं लपायचंच नाही. उलट शोधणाऱ्यालाच मागून धप्पा द्यायचं." ती हसली. "का गं?"

कंट्रोलर आता हातात ठरत नव्हता. मागून काही येऊ नये म्हणून मी पाठ भिंतीला घट्ट टेकवली.

भिंत ओल्या मातीसारखी मऊ लागली.